बरेल, बॉम्बे

दत्ताभावजींना मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ते पाटीवर ‘र’ काढत होते. पाटीच्या पार उजव्या टोकाला. मग त्याच्या डाव्या अंगाला ‘क’. मी नवी नवरी, गिरगावातून परळच्या चाळीत येऊन आठवडाही झाला नव्हता. दाराआडून बघत होते. मला वाटलं, हा माणूस सकाळीसकाळीच घेऊन आलेला दिसतोय. पण सज्जात जमलेल्या मंडळींना त्यात काही वावगं वाटत नव्हतं. गुढीपाडवा तोंडावर आला की चार घरच्या पाट्या एकदम रंगायच्या, आणि आता रंगतेय ती कोणाची यावर पैजा लागायच्या. पैज जिंकणं अवघडच, कारण चाळीत सगळेच ‘कर’. परुळेकर, गवाणकर, वालावलकर. कोणाचंही नाव असो, भावजींची सुरुवात ‘र’ आणि ‘क’नेच व्हायची.

ते सबंध मराठी उजवीकडून डावीकडे रंगवायचे. खडूने आखणं नाही, दोरी मारणं नाही, नुसता डोळ्याचा अंदाज. अंदाज चुकला की डावीकडे जागा संपायची. खालच्या मजल्यावरच्या गवाणकरांचा ‘श्री’ असाच गेला. ते तणतणत वर आले तर भावजी म्हणाले, “श्री देवाक लावतत. तुमका कित्याक व्हयो?”

मी शाळेत मराठी शिकवायचे. उलटं लिहिणं बघून आधी माझं डोकंच उठलं. मग एक दिवस लक्षात आलं की आपण पहिली वेलांटी अक्षराच्या आधी काढतो आणि बोलतो मात्र नंतर. भावजींच्या हातून ती अक्षर झाल्यावर यायची, म्हणजे बोलताना येते तशीच. हे त्यांना मोठ्या कौतुकाने सांगितलं तर ते हसले. “वैनी, माका काय म्हायती? आमच्या उस्तादने सांगितलं, उजवीकडून सुरू कर. मी केलं.” शिरोरेघ सगळ्यात शेवटी, श्वास रोखून, एका दमात ओढायचे. ती ओढून झाली की सज्जातले लोकही श्वास सोडायचे.

मी पहिल्या दिवशी पाहिलेली ती पाटी आमच्याच घरची होती, आणि तिच्यावर माझं नाव घालायचं होतं. लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीने लिहून मला ‘मानसी’ केलं होतं. भावजींनी विचारलं, “आधीचं नाव काय तुमचं?” मी ‘वसुधा’ म्हटलं आणि विसरून गेले. दुसऱ्या दिवशी पाटी दारावर लागली तर माझ्यापुरती ओळ अशी: ‘सौ. वसुधा ऊर्फ मानसी’. सासरे कपाळावर हात मारून म्हणाले, “अरे दत्ता, सून आसा ती. पाकीटमार न्हय.”

“ऱ्हवंदे काका,” भावजी म्हणाले. “माहेरचं कोण जुन्या नावाने विचारत इलो तर?”

सासूबाई धुसफुसल्या. मीही लाजून चूर झाले. पण पुढच्या रविवारी माझी आई गिरगावातून भेटायला आली, दाराशी थबकली आणि पाटीवरच्या ‘वसुधा’ला बोट लावून तिथेच डोळ्यांना पदर लावला. त्या दिवसापासून भावजी मला आवडू लागले.

भावजी नात्याचे नव्हते, शेजारी; दुसऱ्या मजल्यावरची जिन्यालगतची खोली त्यांची. दाराला कडी होती, कुलूप कधी नव्हतं. माझ्या नवऱ्यापेक्षा, सुरेशपेक्षा, दहा-बारा वर्षांनी मोठे, लग्न केलेलं नाही, केस मानेपर्यंत, अंगात फुलाफुलांचा शर्ट. चित्रकलेच्या शाळेतून दुसऱ्या वर्षीच बाहेर पडलेले. गिरणीसंपात घरची चूल थंडावली तेव्हा पाट्या रंगवायला कुवेतला गेले आणि लढाई झाली तेव्हा नेसत्या कपड्यांनिशी परत आले, एवढं सगळ्यांना माहीत होतं. हातात पैसा आला की त्या रात्री वाळवलेलं लिंबू घालून बांगड्याचा भात शिजायचा आणि वासावर येईल तो जेवायचा. पैसा नसला की आमच्याकडे यायचे आणि “यल्ला वैनी, चाय टाका” म्हणून उंबऱ्यावर बसायचे; यल्ला म्हणजे चला, हे कुवेतचं. ‘खल्लास’ हा शब्द तिथेही चालतो, त्यामुळे कुवेतात पहिल्याच दिवशी आपल्याला लालबागेत असल्यासारखं वाटलं, असं ते सांगत.

पाट्या पोटासाठी आणि चित्रं स्वतःसाठी. कॅलेंडरच्या पाठीवर, खोक्याच्या पुठ्ठ्यावर, मोडक्या कपाटाच्या दारावर, मिळेल त्यावर चित्र काढायचे आणि मागेल त्याला देऊन टाकायचे. सगळ्या चित्रांत एकच शहर. मातकट उन्हातला रस्ता, ओळीने दुकानं, त्यांचे छज्जे, दारात खुर्ची टाकून बसलेली माणसं. आणि प्रत्येक दुकानावरची पाटी पांढरी, कोरी. फोर्टातल्या एका गॅलरीवाल्या बाईंनी ही चित्रं कुठेतरी पाहिली आणि प्रदर्शन भरवलं. आम्ही चाळीतली मंडळी नटूनथटून गेलो. एका गृहस्थांनी विचारलं, पाट्या कोऱ्या का? भावजी म्हणाले, “दुकानं बंद आहेत.” गृहस्थ बराच वेळ मान डोलावत राहिले. पाच वाजले तसे भावजी उठले. बाई म्हणाल्या, अहो, लोक आत्ता कुठे यायला लागलेत. “घरी कोणी आलं असेल तर?” एवढं बोलून ते चालू पडले, आणि आम्हाला त्यांच्यामागून त्यांच्याच प्रदर्शनातून निघावं लागलं.

ही त्यांची सवयच होती. बाहेरून आले की जिन्याच्या पहिल्या पायरीवरूनच हाक यायची, “कोण इल्लो काय?” ज्याचं दार उघडं असेल तो ओरडायचा, “नाय!” मग ते वर चढायचे. गणपतीला सारी चाळ गावी जायची, कुलपं लटकायची. भावजी जायचे नाहीत. त्यांची आई गावी वारली तेव्हा गेले ते दिवस घालून दुसऱ्या दिवशी परत. बॉम्बेचं मुंबई झालं तेव्हा आमच्याकडे पेढे वाटले. भावजींनी पेढा हातात धरला आणि विचारलं, “म्हणजे आता बॉम्बे म्हटल्यावर कोणाला कळणार नाय?” आम्ही हसलो. आम्हाला वाटलं, चेष्टा करतायत.

मग सासरे गेले. तेरावं झाल्यावर सासूबाईंनी भावजींना बोलावून घेतलं. दुपारची वेळ होती, मी चहा टाकत होते. सासूबाई म्हणाल्या, “दत्ता, पाटयेवरचा तेंचा नाव पुसून टाक रे बाबा. येताजाता बघलंय की माका रडू येता. सुरेशचा नाव वर घे.”

भावजींनी मान हलवली. “खाली नवीन काय व्हया ता लिवतंय. वरचा पुसूचंय नाय.”

“मेल्या, माझ्या घरची पाटी!”

“काकी, दुसऱ्या कोणाकडसून पुसून घ्या. माझ्या हातान होवचा नाय.”

तेव्हा मला समजलं की चाळीतल्या पाट्या इतक्या लांबलचक का. आजोबा, वडील, मुलगा, सगळे एकाखाली एक. भावजी नवीन नाव घालायचे, जुनं काढायचे नाहीत. पोस्टमन म्हणायचा, तुमच्या चाळीत मेलेली माणसंसुद्धा राहतात. सासूबाई चिडल्या, मग रडल्या, आणि मग त्यांनी पदराने नाक पुसून सरळ विचारलं, “काय झाला तुका थंय?”

आणि भावजींनी सांगितलं. इतक्या वर्षांत पहिल्यांदा, आणि तेही एका म्हाताऱ्या बाईचं रडं थांबवायला.

कुवेतात त्यांचे एक उस्ताद होते, अबू नासिर. पॅलेस्टाईनचे. त्यांचं स्वतःचं गाव लहानपणीच लढाईत सुटलेलं. त्यांच्या दुकानात भावजी शिकले. अरबी वाचता येत नव्हतं, ओ की ठो नाही, पण अक्षरांची चित्रं हातात बसली. बाजारातल्या निम्म्या पाट्या गुरूच्या आणि निम्म्या शिष्याच्या, आणि कोणती कोणाची ते गिऱ्हाइकाला ओळखू येऊ नये इतका हात जुळलेला. मग इराकचं सैन्य आलं. सैनिकांकडे नावं होती, अमक्याला उचला, तमक्याला उचला. तेव्हा गावातल्या लोकांनी ठरवलं की रस्त्यांची नावं, घरांचे आकडे, दारांवरच्या पाट्या, सगळं पुसायचं. शोधणाऱ्याला काही सापडताच कामा नये. ज्यांनी रंगवलं त्यांनाच पुसायला बोलावलं. भावजी पांढऱ्या रंगाचा डबा घेऊन स्वतःच्याच अक्षरांवरून ब्रश फिरवत गल्लोगल्ली हिंडले.

“शेवटाक उस्तादचा दुकान,” भावजी म्हणाले. “त्यांचं नाव त्यांनी स्वतःच्या हातान लिवलेला. मी म्हटलं, ह्या नको. त्यांनी ब्रश बुडवून माझ्या हातात दिला.”

उस्तादची बायको अंथरुणाला खिळलेली, त्यामुळे ते निघू शकत नव्हते. भावजींना त्यांनी बसमध्ये बसवून दिलं. खिडकीशी उभं राहून म्हणाले, हे सगळं निवळलं की मी तुझ्याकडे येईन, तुझं घर सांग. भावजींनी सांगितलं, परळ, बॉम्बे, नारायण चाळ, दत्ता पेंटर. उस्तादनी ते धडा पाठ करावा तसं म्हणून दाखवलं. अरबीत ‘प’ नाही. “बरेल, बॉम्बे,” ते म्हणाले. “नारायण चाल. दत्ता बेंटर.” भावजींनी हसत हसत दोनदा सुधारून पाहिलं. बस सुटली तरी ते बरेलच म्हणत होते.

लढाई संपल्यावर कळलं की तिथल्या बहुतेक पॅलेस्टिनी लोकांना देश सोडावा लागला. कोण कुठे गेलं याचा पत्ता नाही. भावजींनी पत्रं लिहिली, पण ती कुठे जाणार? “दुकानावर नाव नाय, रस्त्यावर नाव नाय,” ते म्हणाले. “मीच पुसलंय सगळं. आता मी त्यांका शोधू शकत नाय. तेच माका शोधतले. म्हणून हयसून हलाक येणा नाय.”

सासूबाईंनी त्यांच्यापुढे चहाचा कप सरकवला. सासऱ्यांचं नाव दारावर राहिलं.

त्या दिवसापासून ‘कोण इल्लो काय’ ही साऱ्या चाळीची चौकशी झाली. स्टेशनबाहेरच्या टॅक्सी स्टँडवर, पानवाल्याकडे, चौकीतल्या हवालदारापर्यंत सगळीकडे सांगून ठेवलं गेलं की कोणी बरेल विचारलं तर नारायण चाळीत पाठवा. आणि एकदा खरंच टॅक्सी आली. सकाळ होती. खालून टॅक्सीवाला बोंबलला, “दत्ताभाई! आ गया तुम्हारा बरेलवाला!”

भावजी दाढी करत होते. अर्ध्या गालाला फेस, कमरेला लुंगी, तसेच जिना उतरले. आम्ही सगळे कठड्याला लोंबलो. टॅक्सीतून पांढऱ्या झग्यातला एक वृद्ध माणूस आपल्या मुलाचा हात धरून उतरला. भावजी त्याच्यापासून चार हातांवर थांबले. वरून मला त्यांची फक्त पाठ दिसत होती, आणि ती पाठ हळूहळू वाकली.

तो येमेनचा कोणी होता. हृदयाच्या ऑपरेशनसाठी आला होता. त्याला बरेलच्या इस्पितळात जायचं होतं आणि बिचाऱ्या टॅक्सीवाल्याने चाळीत आणून सोडलं. भावजींनी लुंगीच्या सोग्याने फेस पुसला, मोडक्यातोडक्या अरबीत चार शब्द बोलले आणि त्याच टॅक्सीत बसून त्यांना इस्पितळात घेऊन गेले. म्हातारा बरा होऊन परत जाईपर्यंत त्याच्या उशाशी राहिले, भात शिजवून डबे नेले. सासूबाईंनी तर बिनतिखटाची आमटी केली, जन्मात पहिल्यांदा. म्हणाल्या, “येवचो तो इलो नाय म्हणान, इलो तो उपाशी कित्याक?”

त्या इस्पितळात लतासिस्टर भेटल्या. ठसठशीत, मोकळ्या हसणाऱ्या, चाळिशीच्या. रविवारी भावजींच्या खोलीवर येऊ लागल्या. दार उघडंच असायचं, त्यामुळे चाळीला कुजबुजायलाही धड काही मिळेना. त्या आल्या की चित्रांतल्या रस्त्यावर ऊन जरा मऊ पडायचं, असं मला वाटायचं. दोनेक वर्षांनी सिस्टरना शीवला स्वतःची जागा मिळाली. त्यांनी भावजींना सरळ विचारलं, येता का? सामानही नव्हतं आणायला.

भावजी नाही म्हणाले. मी त्यांना चांगलं फैलावर घेतलं. “भावजी, शीव काय विलायतेत आहे? इथे निरोप ठेवा. कोणी आलं तर आम्ही पाठवू की तिकडे.”

“तुम्ही घरात नसलात तर?”

“चाळीत दुसरं कोणीतरी असेल.”

“वैनी, ते म्हातारे. इतक्या लांबून येणार, जिने चढणार, आणि दारात मी नाय? एकदा त्यांका टाकून इलंय. परत कसा टाकू?”

सिस्टर पुढे यायच्या बंद झाल्या. मला भावजींचा राग आला होता, तो पुष्कळ दिवस गेला नाही. एका न येणाऱ्या माणसासाठी आलेल्या माणसाला परत पाठवणं मला आजही पटत नाही. पण त्या वर्षी ते संध्याकाळचे कठड्याला टेकून रस्त्याकडे बघत उभे असायचे, तेव्हा त्यांना काही बोलायची माझी छाती झाली नाही.

नंतरची वर्षं भराभर गेली. पाट्यांची कामं फ्लेक्सवाल्यांनी खाल्ली. सासूबाई गेल्या, त्यांचं नाव भावजींनी सासऱ्यांच्या बाजूला घातलं, उजवीकडून डावीकडे. भावजींचे केस पांढरे झाले, हात थोडा कापू लागला, तरी शिरोरेघ सरळ यायची. आणि मग चाळ पाडायचं ठरलं. मीटिंगमध्ये सगळे खूश होते, आणि का असू नये? घरातला संडास, लिफ्ट, पाणी. बिल्डरच्या माणसाने टॉवरचं रंगीत चित्र भिंतीवर लावलं. वर इंग्रजीत काहीतरी झकपक नाव होतं. भावजी कधी मीटिंगला यायचे नाहीत, त्या दिवशी आले आणि हात वर करून म्हणाले, “पाडा. पण नाव नारायण चाळच ठेवा.” टॉवरला चाळ कसं म्हणणार, असं कोणीतरी म्हणालं आणि हशा पिकला. भावजीही हसले. पण बॉम्बे गेलं होतं, आता नारायण चाळ चालली होती. उस्तादला पाठ असलेल्या पत्त्यातलं आता बरेल तेवढं उरणार होतं, आणि तेही चुकलेलं.

एकेक बिऱ्हाड हललं. आम्ही दादरला भाड्याने घर घेतलं. भावजींना नायगावात एका मित्राच्या चाळीत खोली मिळाली. खोली ठीकठाक होती. मी आणि सुरेश जाऊन बघून आलो होतो. तिथे ते जेमतेम आठ-नऊ महिने राहिले. थंडीत ताप आला आणि दोन दिवसांत गेले. आम्ही पोचलो तेव्हा मित्र सांगत होता की माणूस काही मागत नव्हता, फक्त जिन्यावर पाऊल वाजलं की मान वळवायचा. मला ते ऐकवेना. मला नायगावातले भावजी आठवायचेच नाहीत. मला ते आठवतात आम्ही चाळ सोडली त्या दिवसाचे.

सामानाचा टेम्पो पुढे गेला होता. मी शेवटच्या पिशव्या घेऊन टॅक्सीत बसत होते. सुरेश किल्ल्या द्यायला बिल्डरच्या ऑफिसात गेला होता. चाळीला पत्रे ठोकायला सुरुवात झाली होती, फक्त रस्त्याकडची भिंत अजून उघडी होती. तिथे भावजी शिडीवर उभे होते. हातभर उंचीची काळी अक्षरं, उजवीकडून डावीकडे. इस्पितळातल्या अरबी दुभाष्याकडून मजकूर लिहून आणला होता आणि कागद दातात धरला होता. कापणारा हात त्यांनी दुसऱ्या हाताने मनगटाशी पकडला होता. गणेश मंडळाचा एक पोरगेला कार्यकर्ता बाईक थांबवून म्हणाला, “काका, हे उर्दूत काय लिहिताय? उगाच लफडं होईल.”

भावजींनी दातातला कागद काढला. “माझा पत्ता लिवतंय बाबा. दत्ता नायगावला गेलाय, विचारत या.”

पत्रे ठोकणाऱ्यांचा मुकादमही वर बघत होता. तो म्हणाला, “चाचा, ये दीवार परसों गिरनेवाली है.”

“परसों ना?” भावजी म्हणाले. “आज आया तो?”

मुकादमाने शिडीचा पाय धरला. उस्ताद असतेच तर नव्वदीच्या पुढे असते, हे भावजींना माहीत नव्हतं असं थोडंच आहे. त्यांनी शेवटचं अक्षर पुरं केलं, खाली उतरले आणि रस्ता ओलांडून माझ्या टॅक्सीपाशी आले. खिडकीत वाकले, माझ्या डोळ्यांच्या उंचीवर आले आणि तिथून भिंतीकडे बघितलं. सुरेश येऊन बसला. टॅक्सी सुरू झाली. भावजी मागून दोन पावलं चालत आले.

“वैनी, टॅक्सीतून वाचता येतं काय?”

मला अरबीचं एक अक्षर येत नाही.

“येतं, भावजी,” मी म्हटलं. “स्वच्छ वाचता येतं.”